कलामहर्षी बाबूराव पेंटर

हातातील कसब हेच ज्यांचे भांडवल, अशा घरांतील तरुणांपुढे आम्ही या अंकात एक चरित्र ठेवीत आहो. बाबूराव कृष्णराव मेस्त्री यांचा जन्म १८९० साली कोल्हापुरास कारागिराच्या घराण्यात झाला. शालेय शिक्षण बेताचेच. परंतु कुंचला, पटाशी आणि कानस ही तिन्ही हत्यारे त्यांच्या हातांस सारखीच वश होती. बंधू आनंदराव यांच्यासह ते नाटक मंडळ्यांचे पडदे रंगवीत, आणि त्यावरूनच पेंटर हे नाव त्यांस कायमचे चिकटले.

पुढे उभय बंधूंस चित्रपटाचा ध्यास लागला. १९१६ साली आनंदराव निवर्तले. महायुद्धामुळे परदेशी यंत्र मिळणे दुरापास्त झाले होते. तेव्हा बाबूरावांनी विष्णुपंत दामले यांच्या साहाय्याने कॅमेरा घरीच घडविला. हे काम किती नाजूक! फीत भिंगापुढे क्षणभर स्थिर राहावी, झडप उघडून मिटावी आणि फीत पुन्हा पुढे सरकावी; हे सर्व एका सेकंदात अनेक वेळा, तेही किंचितही न थरथरता. हे त्यांनी साधले, आणि १९२० साली ‘सैरंध्री’ पडद्यावर आला. त्यातील कीचकवधाचा देखावा इतका खरा वठला की प्रेक्षक भयभीत झाले. लोकमान्य टिळकांनी त्यांचा ‘सिनेमा केसरी’ या पदवीने गौरव केला.

रंगविलेल्या सपाट पडद्यांपुढे चित्रण करण्याची रीत सोडून त्यांनी भरीव देखावे उभारले. १९२३ च्या ‘सिंहगड’ मध्ये रात्रीच्या प्रसंगांसाठी कृत्रिम प्रकाश योजिला. पात्रांचे वेष ते आधी स्वतः रेखाटीत; चित्रपटांची जाहिरातचित्रेही स्वहस्ते रंगवीत. १९२५ च्या ‘सावकारी पाश’ मध्ये तर त्यांनी कर्जात बुडालेल्या शेतकऱ्याचे दुःख मांडले. त्या तरुण शेतकऱ्याची भूमिका शांताराम यांनी केली.

परंतु या यशास दुसरीही बाजू आहे. १९२९ साली दामले, फत्तेलाल, शांताराम व धायबर हे त्यांच्याच हाताखाली तयार झालेले सहकारी बाहेर पडले आणि त्यांनी प्रभात कंपनी स्थापन केली. महाराष्ट्र फिल्म कंपनी त्यानंतर फार काळ टिकली नाही. पुढे बाबूरावांनी ‘उषा’, ‘प्रतिभा’ असे बोलपट केले. पण पूर्वीचे वैभव परतले नाही. १६ जानेवारी १९५४ रोजी कोल्हापुरासच त्यांचे देहावसान झाले. त्यांच्या मूकपटांपैकी बहुतेक आज नष्ट झाले आहेत.

मग उरले काय? आमच्या मते, प्रभातच्या कीर्तीत या गुरूच्या शिकवणीचा अंश निःसंशय आहे. जी विद्या गुरूने पेटीत कुलूपबंद केली ती त्याच्याबरोबर जाते. जी शिष्यांच्या हातांत उतरली ती राहते. बाबूरावांनी विद्या लपविली नाही, म्हणून त्यांचे कार्य फितींबरोबर लयास गेले नाही. आपल्या कसबाची लाज न बाळगता, शिकावे आणि शिकवावे, एवढा बोध आमच्या तरुणांनी या चरित्रापासून घेतला तरी या पानांचे सार्थक झाले असे आम्ही समजू.