चार रुपये पगाराचा बॉलर

मी मूळचा साताऱ्याचा, सध्या सांगलीत होस्टेलवर. संध्याकाळी ग्राउंडवर क्रिकेट आणि दरवर्षी कॅप्टन कोण यावरून भांडण, हे आपलं ठरलेलं. ज्याचा ग्रुप मोठा, तो कॅप्टन. अशा वेळी मला बाळू पालवणकर आठवतात.

बाळूंचा जन्म १८७६ सालचा, चर्मकार समाजातला. पुण्यात इंग्रजांच्या क्लबवर महिना चार रुपये पगारावर ते काम करायचे. पिच तयार करायचं आणि साहेबांना तासन्‌तास बॉलिंग टाकायची. बॅटिंग मात्र मिळत नसे. यातूनच त्यांची डावखुरी स्पिन तयार झाली. मग पुण्याच्या हिंदू संघाला त्यांची गरज पडली. मैदानावर सगळे एकच बॉल हाताळत, पण चहाच्या वेळी बाळू पॅव्हेलियनबाहेर, मातीच्या भांड्यात चहा पीत. जेवणही वेगळं.

आमच्या साताऱ्याच्या गोऱ्यांच्या जिमखान्याविरुद्ध मॅच होती. बाळूंची बॉलिंग चालू नये म्हणून तिथे आठवडाभर पिचवर रोलर फिरवला होता म्हणे. तरी बाळूंनी सात विकेट काढल्या आणि पुणेकर जिंकले! १९११ मध्ये भारतीय संघाच्या इंग्लंड दौऱ्यात तर त्यांनी ११४ विकेट घेतल्या.

एवढं करूनही हिंदू संघाचं कर्णधारपद त्यांना मिळालं नाही, कारण एकच, जात. १९२० साली त्यांना पुन्हा डावललं, तेव्हा त्यांचे भाऊ विठ्ठल आणि शिवराम संघातून बाहेर पडले आणि कारणही जाहीरपणे सांगितलं. खेळाडूने टीमची जागा सोडणं म्हणजे काय, ते आपल्याला कळतं. दोघेही ऐन भरात होते. शेवटी मंडळींना नमावं लागलं. बाळू उपकर्णधार झाले आणि फायनलमध्ये कर्णधार पै थोडा वेळ मैदानाबाहेर गेले, तेवढ्यापुरतं नेतृत्व बाळूंकडे आलं. पुढे १९२३ मध्ये विठ्ठलच कर्णधार झाले आणि संघ जिंकला.

१९३७ च्या निवडणुकीत बाळू काँग्रेसतर्फे डॉ. आंबेडकरांविरुद्ध उभे राहिले आणि हरले. १९५५ मध्ये ते गेले.

अमेरिकेतल्या खेळाडूंनी १९६८ च्या ऑलिंपिकमध्ये मुठी उंचावल्या, ते आपल्याला क्विझमुळे पाठ असतं. आपल्याकडे ते ४८ वर्षं आधी घडलं होतं. यंदा कॅप्टन निवडताना एवढंच बघूया, की नाव कुणाचं मागे राहतंय आणि का.