बडा फुहाऱ्याच्या शहरातील एक माता : सुभद्राकुमारी चौहान

जबलपूरच्या जुन्या शहरात, कापडपेठ आणि सराफ्याच्या गजबजाटात, बडा फुहारा उभा आहे. गणपतीच्या आराशीसाठी, दिवाळीच्या खरेदीसाठी, मुलीच्या लग्नातील साड्यांसाठी येथील मराठी कुटुंबांची पावले पिढ्यान् पिढ्या याच चौकाकडे वळत आली आहेत. शेजारीच कमानिया गेट आहे, ते १९३९ साली शहराबाहेर भरलेल्या त्रिपुरी काँग्रेसची आठवण सांगते. फुहाऱ्याच्या परिसरातच तिलकभूमी तलैया आहे. लोकमान्यांचे नाव ती अद्याप वागवीत आहे. सागरच्या मराठ्यांनी १७८१ मध्ये हा मुलूख घेतला, पुढे तो नागपूरकर भोसल्यांकडे आला आणि १८१७ मध्ये इंग्रजांच्या हाती पडला. इतक्या जुन्या संबंधामुळे आम्ही येथे परके असे कधीच नव्हतो. तरीही सुवर्णमहोत्सवी स्मरणिकेत एका हिंदी कवयित्रीचे चरित्र कशासाठी, असे कोणी विचारील, तर त्याचे उत्तर आमच्या घरांतच आहे. हिंदी शाळांत शिकणाऱ्या आमच्या मुलांना मोरोपंत तांब्यांच्या मनूची, म्हणजे झाशीच्या राणीची, पहिली ओळख झाली ती सुभद्राकुमारींच्या कवितेतून. आपल्या एका लेकीला साऱ्या उत्तर हिंदुस्थानच्या ओठांवर नेऊन बसविणारी ही बाई आपल्याच शहराची रहिवासी होती, आणि तिचा संसारही येथेच झाला. आम्हांस येथे सांगावयाचे आहे ते मुख्यतः त्या संसाराविषयी.

सुभद्राकुमारींचा जन्म १६ ऑगस्ट १९०४ रोजी अलाहाबादजवळच्या निहालपूर गावी, ठाकूर रामनाथसिंह यांच्या घरी झाला. अलाहाबादच्या क्रॉस्थवेट कन्याशाळेत त्या शिकत असता महादेवी वर्मा त्यांच्या मागच्या वर्गात होत्या, आणि ती मैत्री अखेरपर्यंत टिकली. १९१९ मध्ये खांडव्याचे ठाकूर लक्ष्मणसिंह चौहान यांच्याशी त्यांचा विवाह झाला. लक्ष्मणसिंह स्वतः लेखक होते. माखनलाल चतुर्वेदी यांच्या 'कर्मवीर' पत्रात काम करण्यासाठी ते जबलपुरास आले आणि दोघांचे बिऱ्हाड येथे पडले. (हे पत्र १९२० साली निघाले त्यामागे माधवराव सप्रे या मराठी गृहस्थांची खटपट होती. 'दासबोध' आणि 'गीतारहस्य' हिंदीत नेणारे सप्रे ते हेच. आमच्या मंडळींना त्यांचा विसर पडत चालला आहे म्हणून येथे नोंदवून ठेवतो.)

असहकाराच्या हाकेसरशी सुभद्राकुमारींनी शिक्षण सोडले. राजपूत घराण्याची सून असून त्यांनी पडदा मानला नाही. १९२३ च्या मार्चमध्ये जबलपूरच्या टाऊन हॉलवर तिरंगी झेंडा फडकविण्यात आला, त्या मंडळींत पंडित सुंदरलाल यांच्याबरोबर हे पतिपत्नीही होते. तीच ठिणगी पुढे नागपुरास गेली आणि १ मेपासून तेथे झेंडा सत्याग्रह सुरू झाला. त्यात सुभद्राकुमारी पकडल्या गेल्या. नागपुरात अटक झालेल्या त्या पहिल्या महिला सत्याग्रही मानल्या जातात. वय वर्षे अठरा-एकोणीस. आज त्या वयाच्या मुलीला परगावच्या महाविद्यालयात पाठविताना आम्ही चार वेळा विचार करतो.

पुढे पाच मुले झाली, आणि खरी कसोटी तेव्हापासून सुरू झाली, असे आमचे मत आहे. देशाला माता म्हणण्याची रीत तोवर रुळली होती. व्यासपीठावरून मातृभूमीचा जयजयकार होई, चित्रांतून भारतमाता सिंहावर बसे. परंतु त्या मातेसाठी तुरुंगात जावयास निघालेल्या बाईच्या कडेवर तिचे स्वतःचे मूल असेल, तर त्या मुलाच्या दुधाचे काय, याचे उत्तर कोणत्याही भाषणात नसे. पुरुष सत्याग्रहीला हा प्रश्न फारसा पडत नसे, कारण त्याच्यामागे घरात कोणी तरी बाई असे. येथे तर नवराही चळवळीत होता आणि बायकोही. घरात पैसा बेताचा. अंगण सारविणे, भांडी घासणे, गोवऱ्या थापणे ही सारी कामे त्या स्वतः करीत, आणि त्यात त्यांना कमीपणा वाटत नसे, असे महादेवींनी लिहून ठेवले आहे.

त्यांच्या एका तुरुंगवासाची हकीगत महादेवींच्याच लेखणीने सांभाळून ठेवली आहे. बरोबर लहानगी मुलगी होती. तुरुंगात जाताना लोकांनी इतके हार घातले की त्यांचीच उशी करून सुभद्राकुमारी आडव्या झाल्या. पण मुलगी भुकेने रडू लागली, आणि तिला द्यावयास जवळ काहीही नव्हते. तेव्हा तूर भरडणाऱ्या कैदी बायकांकडून त्यांनी चिमूटभर डाळ मागून घेतली, ती तव्यावर भाजली आणि पोरीला खाऊ घातली. ही गोष्ट त्या पुढे हसत हसत सांगत. आम्हांस मात्र ती वाचताना हसू येत नाही. ज्या लोकांनी हार घातले त्यांच्यापैकी एकाच्याही मनात पेलाभर दूध आणण्याचे आले नाही, ही गोष्ट त्या फुलांच्या उशीहून अधिक काळ मनात राहते.

मराठी वाचकाच्या मनात 'आई' हा शब्द उच्चारताच 'श्यामची आई' उभी राहते. साने गुरुजींनी ते पुस्तक १९३३ मध्ये नाशिकच्या तुरुंगात लिहिले. तेथे मुलगा गजाआड आहे आणि आई आठवणीत आहे, कोकणातल्या घरात, तुळशीपाशी. येथे गजाआड प्रत्यक्ष आईच होती, आणि आठवणी लिहावयाचे काम पुढे मुलीकडे आले. थोरली कन्या सुधा चौहान यांनी आईवडिलांचे चरित्र 'मिला तेज से तेज' या नावाने लिहिले. हे नाव आईच्याच झाशीच्या कवितेतून घेतलेले आहे.

त्या कवितेविषयी एक गोष्ट नमूद करावीशी वाटते. आमच्या भिंतींवरील चित्रांत राणीच्या पाठीशी दामोदरराव बांधलेला असतो. चौकाचौकांतील पुतळ्यांतही तो असतो. सुभद्राकुमारींच्या कवितेत तो कोठेच नाही. खेळगडी आहेत, शस्त्रे आहेत, वैधव्य आहे, डलहौसी आहे, काल्पी आणि ग्वाल्हेर आहे. पाठीवरचे मूल तेवढे नाही. १८५३ च्या नोव्हेंबरात गंगाधररावांच्या मृत्यूच्या आदल्या दिवशी घेतलेले ते दत्तकविधान इंग्रजांनी नाकारले, त्यावरूनच झाशी गेली. म्हणजे एका आईचे आईपण सरकारने अमान्य केल्याची ती कथा आहे. तरीही कवयित्रीने राणीला मुलाशिवाय उभी केली. याचे कारण आम्ही ठामपणे सांगू शकत नाही. आमचा तर्क इतकाच की, स्त्रीच्या शौर्याला मातृत्वाचा आधार दिल्याशिवाय ते लोकांना पचत नाही, हे त्यांनी ओळखले असावे आणि तो आधार मुद्दामच दिला नसावा.

मूल त्यांनी वेगळ्या कवितांसाठी राखून ठेवले होते. 'मेरा नया बचपन' या कवितेत हरवलेल्या बालपणासाठी झुरणाऱ्या आईपुढे तिची मुलगी माती खाऊन येते आणि आईलाही ती माती खावयास देऊ करते. यशोदेला कृष्णाच्या मुखात विश्व दिसले. या आईला आपले गेलेले बालपण परत मिळाले. 'बालिका का परिचय' मध्ये त्यांनी मुलीलाच आपले देऊळ मानले, आणि मशीदही. १९३० साली 'मुकुल' हा संग्रह निघाला त्या काळात दोन्ही शब्द एका लेकराच्या ठायी आणून ठेवणे ही लहानसहान गोष्ट नव्हती. त्यांची भक्ती अशी होती. तीत व्रतवैकल्यांचा पसारा नव्हता, आणि देव शोधावयास घराबाहेर पडण्याची निकडही नव्हती.

कवितांपुढे त्यांच्या कथा थोड्या झाकल्या गेल्या, हा अन्याय झाला. 'बिखरे मोती' हा कथासंग्रह १९३२ चा. त्यांच्या 'राही' या कथेत एक सत्याग्रही बाई तुरुंगात आहे आणि तेथेच राही नावाची एक गरीब कैदी आहे. राहीने चोरी केली ती घरात पोरे उपाशी होती म्हणून. एकीला देशासाठी शिक्षा झाली, तिला मान आहे. दुसरीला लेकरांसाठी झाली, तिला मार आहे. या दोघींपैकी त्याग कोणाचा मोठा, या विचाराने नायिका अस्वस्थ होते आणि तुरुंगात जाऊन पुढारपण मिळविणाऱ्यांकडे नव्या नजरेने पाहू लागते. स्वतः तुरुंग भोगलेल्या, मध्य प्रांताच्या विधानसभेत बसलेल्या बाईने हे लिहावे, यात तिच्या राजकारणाची प्रत कळते.

मुलीच्या लग्नात या आईने जे केले ते तर आजही आमच्यापैकी अनेकांना जड जाईल. सुधाचा विवाह प्रेमचंदांचे पुत्र अमृतराय यांच्याशी ठरला. वर कायस्थ, वधू राजपूत. जातीचा प्रश्न त्यांनी मनावर घेतला नाही. परंतु कन्यादान करण्यासही त्यांनी नकार दिला. माणसाने माणसाचे दान करावे, हा अधिकारच त्यांना मान्य नव्हता. आणि लग्न झाले म्हणून मुलगी आपली राहत नाही, हे तर त्यांना मुळीच पटत नव्हते. आमच्या मराठी लग्नांतही कन्यादानाच्या वेळी आईच्या हातून पाण्याची धार पडते आणि मांडवात साऱ्यांचे डोळे ओले होतात. तो क्षण किती हृद्य असतो हे आम्ही जाणतो. पण दूर देशी राहणाऱ्या, मुलींना शिकवून आणखी दूर पाठविणाऱ्या कुटुंबांनी त्या नकाराचा थोडा विचार करावा असे वाटते. शास्त्राचा अनादर म्हणून त्यांनी ते केले नाही. मुलीशी असलेले नाते त्यांना कोणत्याही मंत्राने तोडू द्यावयाचे नव्हते.

१९४८ च्या फेब्रुवारीत गांधीजींच्या अस्थींचे नर्मदेत विसर्जन झाले. शहरातील सुखवस्तू घरांतील स्त्रिया मोटारींतून घाटाकडे गेल्या. सुभद्राकुमारी शेकडो हरिजन स्त्रियांना घेऊन कित्येक मैल पायी चालत गेल्या. तेथे सभामंडपात या बायकांना प्रवेश देण्याची सोय कोणी केलेली नव्हती. त्यांनी हट्ट धरला आणि सर्वजणींना आत नेल्यावरच त्या थांबल्या. ज्या नदीला आम्ही सारे मैया म्हणतो तिच्या काठावरचा हा प्रसंग आहे.

त्यानंतर थोड्याच दिवसांनी त्या कामानिमित्त नागपुरास गेल्या. १५ फेब्रुवारीस मोटारीने जबलपूरकडे परतत असता सिवनीजवळ अपघात झाला आणि त्यातच त्यांचा अंत झाला. रस्त्यावर आलेली कोंबडीची पिल्ले वाचविण्याच्या धडपडीत गाडी आदळली, असे सांगतात. वय त्रेचाळीस होते, आणि वसंतपंचमीचे दिवस होते.

२७ नोव्हेंबर १९४९ रोजी जबलपूर नगरपालिकेच्या आवारात त्यांचा पुतळा बसविण्यात आला. अनावरणास अलाहाबादेहून महादेवी वर्मा आल्या होत्या. १९७६ मध्ये टपाल खात्याने पंचवीस पैशांचे तिकीट काढले, आणि २००६ मध्ये तटरक्षक दलाच्या एका जहाजाला त्यांचे नाव मिळाले. या पुतळ्यातही पाठीवर किंवा कडेवर मूल नाही. फुहाऱ्याकडे खरेदीस जाताना मुलांना घेऊन थोडी वाट वाकडी करावी आणि तो पाहून यावा. झाशीची कविता त्यांना पाठ असेलच, तुरीच्या डाळीची गोष्ट मात्र आपणच सांगावी लागेल.