बडोद्याचा विनायक आणि अप्रतिकाराची वाट

बडोद्यातील जुन्या मराठी घराण्यांची कुळकथा बहुधा तलवारीपासून सुरू होते. कोणाचे पूर्वज गायकवाडांबरोबर शिलेदार म्हणून आले, कोणाचे पागेवर होते, कोणाचे फडावर. दसऱ्याला शस्त्रपूजा चुकली असे वर्ष या घरांना आठवत नाही. अशा या शहरात वाढलेल्या एका मराठी मुलाने पुढे शस्त्राचा मार्गच नाकारला, आणि तो नाकारताना जे धैर्य लागते ते रणांगणावरील धैर्याहून उणे नसते हे साऱ्या देशाला दाखविले. विनायक नरहर भावे हे त्याचे नाव. जगाने त्यांना विनोबा म्हणून ओळखले.

विनोबांचा जन्म ११ सप्टेंबर १८९५ रोजी कुलाबा जिल्ह्यातील, म्हणजे आजच्या रायगड जिल्ह्यातील, पेण तालुक्यात गागोदे या खेड्यात झाला. आजोबा शंभुराव हे धर्मनिष्ठ, पण माणसामाणसांत भेद न करणारे गृहस्थ. वडील नरहरपंत बडोद्यास नोकरीला होते. कापड रंगविण्याच्या शास्त्राचा त्यांना नाद, वृत्ती शिस्तीची आणि हात कडक. लहानपणी विनायकाने त्यांचा मार भरपूर खाल्ला. सोळावे वर्ष लागताच मात्र तो मार एकदम बंद झाला, कारण त्या वयापासून मुलाला मित्र मानावे असे स्मृतिवचन नरहरपंतांच्या मनात होते.

आई रुक्मिणीबाई कर्नाटकाकडच्या. शिक्षण बेताचे, पण भक्ती आणि समज खोल. दारी आलेला भिकारी धडधाकट असला तरी ती त्याला रिकाम्या हाताने परत धाडीत नसे. विनायक त्यावर वाद घाली, अपात्री दान होते म्हणे. पात्र कोण आणि अपात्र कोण हे ठरविण्याचा अधिकार आपल्याला कोणी दिला, असे तिचे साधे म्हणणे असे. शेजारची बाई आजारी पडली की तिच्या घरचा स्वयंपाकही तीच करी. आधी आपल्या घरचा उरकून मग शेजारी जाते म्हणून मुलाने तिला आपमतलबी ठरविले. तेव्हा शेजाऱ्यांना अन्न गरम मिळावे म्हणून तिकडचे मागाहून करते, असा तिने खुलासा केला. समोरच्याचा न्याय करण्याआधी त्याची गरज पाहावी, हा विनोबांच्या पुढील साऱ्या आयुष्याचा धडा याच घरात गिरविला गेला.

ते बडोदे सयाजीराव महाराजांचे होते. सक्तीचे मोफत शिक्षण १९०६ साली राज्यभर सुरू झालेले, १९१० साली मध्यवर्ती ग्रंथालय उभे राहिलेले. विनायक या ग्रंथालयात तासन् तास रमे. अरविंद घोष बडोदे सोडून बंगालच्या राजकारणात गेले त्याला फार वर्षे झाली नव्हती, आणि तरुणांच्या मनांत क्रांतिकारकांविषयी ओढ होती. विनायकाच्या मनातही ती होती. मित्रांना जमवून त्याने विद्यार्थी मंडळ काढले. शिवजयंतीची त्यांची रीत न्यारी होती. शिवाजी महाराज डोंगरदऱ्यांतून वावरले, तेव्हा त्यांची जयंती चार भिंतींत कशी करायची? शाळेला सुट्टी नसे, म्हणून मुले शाळा बुडवून शहराबाहेरच्या मोकळ्या रानात गेली. आजच्यासारखी समा, हरणी ही गावे तेव्हा शहरात मिसळलेली नव्हती. वेस ओलांडली की शेते आणि झाडी लागे. दंड होणार हे मुलांना ठाऊक होते, म्हणून दंडाचे पैसे त्यांनी आधीच बरोबर घेतले होते. मास्तरांनी दंड सांगताच ते निमूटपणे पुढे ठेवले. नियम मोडायचा तर उघडपणे मोडावा, आणि त्याची किंमत दुसऱ्याच्या नव्हे, आपल्या खिशातून द्यावी. पुढे ज्याला सत्याग्रह म्हणून नाव मिळाले त्याचे मर्म या पोरवयातील खेळात आलेले दिसते.

महाविद्यालयात मन रमेना. एके दिवशी आई चुलीपाशी असताना विनायकाने आपली प्रमाणपत्रे चुलीत घातली. आई चकित झाली, पण तिने अडविले नाही. २५ मार्च १९१६ रोजी इंटरच्या परीक्षेसाठी तो मुंबईच्या गाडीत बसला, सुरतेस उतरला आणि भुसावळच्या वाटेने काशीस निघून गेला. मनात दोन ओढी होत्या, एक हिमालयातील शांतीची आणि दुसरी बंगालमधील क्रांतीची. काशी दोहोंच्या वाटेवर होती. तेथे हिंदु विश्वविद्यालयाच्या समारंभातील गांधीजींच्या गाजलेल्या भाषणाचा वृत्तान्त त्याच्या वाचनात आला. पत्रव्यवहार झाला, आणि ७ जून १९१६ रोजी अहमदाबादच्या कोचरब आश्रमात दोघांची भेट झाली. शांती आणि क्रांती या दोन्ही गोष्टी एकाच माणसापाशी मिळतात असा त्यांना प्रत्यय आला, आणि शोध संपला.

पुढल्या वर्षी रजा घेऊन ते वाईस गेले आणि प्राज्ञपाठशाळेत नारायणशास्त्री मराठे यांच्यापाशी शास्त्राभ्यास केला. १९१८ च्या ऑक्टोबरात आई बडोद्यास वारली. विनोबांनी तिची शुश्रूषा केली, पण अंत्यविधी भाडोत्री मंत्रांनी व्हावा हे त्यांना पटेना. आपणच तो करू, असा त्यांचा आग्रह होता. घरच्यांनी तो मानला नाही. विनोबांनी भांडण केले नाही आणि माघारही घेतली नाही. ते स्मशानात गेले नाहीत, घरी उपनिषदे व गीता वाचीत बसले. आईला संस्कृत येत नसे आणि गीता मराठीत वाचावयास मिळावी अशी तिची इच्छा होती. ती तिच्या पश्चात १९३०-३१ मध्ये ‘गीताई’च्या रूपाने पुरी झाली.

१९२१ च्या एप्रिलात ते वर्ध्याचा आश्रम सांभाळण्यास गेले. पुढची वीस वर्षे सूत, शेती, अध्ययन आणि तुरुंग यांत गेली. देशाला त्यांचे नाव खऱ्या अर्थाने कळले ते १७ ऑक्टोबर १९४० रोजी. महायुद्धात हिंदुस्थानास न विचारता ओढले गेले होते. गांधीजींनी वैयक्तिक सत्याग्रहाचा पहिला मान विनोबांना दिला, दुसरा जवाहरलाल नेहरूंना. पवनार गावात उभे राहून विनोबांनी युद्धाविरुद्ध भाषण केले आणि कैद पत्करली. एवढेच नव्हे, सुटल्यावर पुन्हा तेच केले.

याच सुमारास सातासमुद्रापलीकडे हाच प्रश्न दुसऱ्या एका पंथासमोर उभा होता. युरोपात सोळाव्या शतकात धर्मसुधारणेच्या गदारोळात मेनो सायमन्स नावाचा फ्रीसलंडचा कॅथलिक पाद्री होऊन गेला. म्युन्स्टर शहरात काही पंथीयांनी शस्त्राच्या बळावर देवाचे राज्य आणण्याचा खटाटोप केला आणि १५३५ साली तो रक्तात बुडाला. हा प्रकार मनाला लागून मेनोने १५३६ साली पाद्रीपद सोडले आणि विखुरलेल्या अनुयायांना शस्त्रत्यागाच्या वाटेवर आणले. त्याच्या नावावरून त्यांना मेनोनाइट म्हणतात. शत्रूवरही प्रेम करावे, वाइटाचा प्रतिकार वाइटाने करू नये, हा येशूचा उपदेश त्यांनी अक्षरशः पाळावयाचा ठरविला. शपथ घ्यावयाची नाही, सैन्यात जावयाचे नाही. त्यापायी त्यांना देशोदेशी भटकावे लागले. १६ ऑक्टोबर १९४० रोजी, म्हणजे पवनारच्या भाषणाच्या बरोबर आदल्या दिवशी, अमेरिकेत सक्तीच्या लष्करभरतीसाठी पहिली नोंदणी झाली. धर्मबुद्धीने शस्त्र नाकारणाऱ्यांची दखल त्या कायद्याने घेतली होती, आणि हजारो मेनोनाइट तरुणांनी सैन्याऐवजी जंगलात व इस्पितळात काम पत्करले.

हा पंथ आपल्याला अगदीच परका नाही. १८९९ साली दुष्काळाच्या दिवसांत अमेरिकन मेनोनाइट मंडळी तेव्हाच्या मध्यप्रांतात धमतरीस आली. वर्धाही त्याच प्रांतात होते. धमतरीस त्यांनी पुढे इस्पितळ चालविले, आणि चांप्यास त्यांच्याच पंथातील दुसऱ्या शाखेने कुष्ठरोग्यांचे आश्रयस्थान. इकडे वर्ध्याजवळ दत्तपूरला विनोबांचे सहकारी मनोहर दिवाण यांनी १९३६ साली कुष्ठसेवा आरंभिली. शस्त्र खाली ठेवणाऱ्याने हात रिकामे ठेवायचे नसतात, हे दोन्हीकडे सारखेच उमगले होते.

तथापि दोहोंत एक भेद आहे. दंड आणि तलवार हे राज्याचे काम असेल, श्रद्धावंताने मात्र त्यापासून दूर राहावे, अशी मेनोनाइटांची जुनी विचारसरणी. आपली वस्ती, आपली मंडळी निर्मळ राखावी, हा त्यांचा भर. विनोबांना असे बाजूस राहणे मान्य नव्हते. समाजालाच दंडशक्तीची गरज उरू नये, इतके लोकांनी स्वतःच्या बळावर उभे राहावे, ही त्यांची आकांक्षा. ती कसोटीला लागली तेलंगणात. जमीनदारांच्या जुलमाविरुद्ध तेथे कम्युनिस्टांनी १९४६ पासून हत्यार उचलले होते आणि सरकारने फौज उतरविली होती. दिवसा पोलीस, रात्री बंडखोर, आणि मधल्यामध्ये गरीब कुळे. १८ एप्रिल १९५१ रोजी नलगोंडा जिल्ह्यात पोचमपल्ली गावी विनोबा पायी पोहोचले. चाळीस हरिजन कुटुंबांनी ऐंशी एकर जमीन मागितली. विनोबांनी सरकारकडे अर्ज धाडण्याची भाषा बाजूस ठेवून गावकऱ्यांनाच विचारले. रामचंद्र रेड्डी नावाचे जमीनदार उभे राहिले आणि त्यांनी शंभर एकर देऊ केली.

तेथून पुढे तेरा वर्षे विनोबा चालत राहिले. चाळीस लाख एकरांहून अधिक जमीन दानात मिळाली. हिशेब प्रामाणिकपणे मांडावयाचा तर हेही सांगितले पाहिजे की उद्दिष्ट पाच कोटींचे होते, मिळालेल्यातील पुष्कळ जमीन नापीक वा कज्जातली निघाली, आणि बरीचशी वाटलीच गेली नाही. पण जमीनदाराला शत्रू न मानता त्याच्या दाराशी भाऊ म्हणून हक्क मागता येतो, हे त्या चालण्याने सिद्ध झाले.

१९५७ साली केरळात त्यांनी शांतिसेनेची स्थापना केली. १९६० च्या मे महिन्यात चंबळच्या खोऱ्यात वीसेक डाकूंनी त्यांच्यापुढे शस्त्रे ठेवली. फाशीच्या कोठडीतून डाकू मानसिंगाचा मुलगा तहसीलदारसिंग याने लिहिलेले पत्र त्याला निमित्त झाले होते. १९६९ साली गुजरातेत दंगली पेटल्या तेव्हा अहमदाबादेत शांतिसैनिक मोहल्ल्यामोहल्ल्यांतून हिंडले. दंगलीचे चटके बडोद्यालाही अनोळखी नाहीत, म्हणून या कामाचे मोल आपण विशेष जाणतो.

आता कठीण भाग. सप्टेंबर १९६२ मध्ये विनोबा पूर्व पाकिस्तानातून पायी चालून आले, आणि पुढच्याच महिन्यात चीनचे आक्रमण झाले. सरकारच्या लष्करी प्रतिकाराला त्यांनी विरोध केला नाही. १९४० साली युद्धास नकार देणारा माणूस १९६२ साली गप्प का, असे जगातील शांतिवाद्यांनी विचारले. १९६३ साली शंकरराव देव प्रभृती दिल्लीहून पेकिंगकडे मैत्रीयात्रेने निघाले, पण चीनने त्यांना प्रवेश दिला नाही. १९७५ साली आणीबाणी आली तेव्हा विनोबांचे वर्षभराचे मौन चालू होते. त्यांच्या नावाने आलेला अनुशासनपर्व हा शब्द सरकारने भिंतीभिंतींवर रंगविला. मौन सुटल्यावर अनुशासन आचार्यांचे, शासन सत्तेचे, असा भेद त्यांनी उलगडला, जानेवारी १९७६ मध्ये पवनारला आचार्यांचे संमेलनही भरविले. पण तोवर जयप्रकाश आणि सर्वोदयाचे कित्येक कार्यकर्ते तुरुंगवास भोगून चुकले होते, आणि तो सल पुष्कळांच्या मनातून गेला नाही. सत्याग्रह उत्तरोत्तर सौम्य होत गेला पाहिजे, ही विनोबांची धारणा. सौम्यता कोठे संपते आणि मूकसंमती कोठे सुरू होते, ही रेषा ओळखणे त्यांच्यासारख्यालाही सोपे गेले नाही.

८७ व्या वर्षी आजारी पडल्यावर त्यांनी अन्नपाणी व औषध थांबविले आणि १५ नोव्हेंबर १९८२ रोजी, दिवाळीत, पवनारला देह ठेवला. दुसऱ्या वर्षी त्यांना भारतरत्न देण्यात आले. गीतेबरोबरच कुराणाचे व ख्रिस्तधर्माचे सार काढणारा हा ब्राह्मण कोणत्याही एका पंथाचा राहिला नव्हता.

अप्रतिकार म्हणजे अंगावर आलेले निमूटपणे सोसणे, असा समज आपल्यात रूढ आहे. विनोबांच्या चरित्रावरून तो टिकत नाही. ज्या ज्या वेळी त्यांनी उठून चालावयास आरंभ केला, लोकांच्या दारी गेले आणि किंमत स्वतः मोजली, त्या त्या वेळी त्यांचा अप्रतिकार फळाला आला. जेथे तो नुसता मौनात बसला, तेथे सत्तेने त्याचा उपयोग करून घेतला. शिलेदारांच्या वंशजांनी या बडोदेकराकडून घ्यावयाचा धडा हाच की तलवार म्यानात ठेवल्याने कोणी भित्रा ठरत नाही, मात्र ती म्यान केल्यावर घरी बसून चालत नाही.