जोव्हान्नी दुप्रे : एका सच्च्या शिल्पकाराची जीवनगाथा

संगमरवरातून सजीव भासणारी आकृती साकारण्याची कला इटलीच्या भूमीत शतकानुशतके जोपासली गेली. एकोणिसाव्या शतकात ही परंपरा समृद्ध करणाऱ्या कलावंतांमध्ये जोव्हान्नी दुप्रे यांचे स्थान मानाचे आहे. कलाकृती अतिशय जिवंत उतरली, हाच ज्याचा अपराध ठरावा, असा विलक्षण प्रसंग त्यांच्या वाट्याला आला. त्या प्रसंगी त्यांनी दाखविलेले धैर्य त्यांच्या कलेइतकेच स्मरणीय आहे.

दुप्रे यांचा जन्म १ मार्च १८१७ रोजी तोस्काना प्रांतातील सिएना या नगरात झाला. वडील लाकडावर कोरीवकाम करणारे कारागीर होते. घरची परिस्थिती बेताची असल्यामुळे नियमित शिक्षण त्यांच्या नशिबी नव्हते. बालपणीच वडिलांच्या हाताखाली त्यांनी हत्यारे धरली. पुढे फ्लॉरेन्समध्ये एका कोरीवकाम करणाऱ्याच्या दुकानात ते काम करू लागले. १८३६ मध्ये त्यांचा विवाह मारिया या कष्टाळू तरुणीशी झाला. कपड्यांना इस्त्री करून ती उदरनिर्वाह करीत असे. संसाराचा भार वाहतानाच शिल्पकार होण्याची आकांक्षा दुप्रे यांनी मनात जपली आणि फुरसतीच्या वेळात मातीकामाचा अभ्यास चालू ठेवला. फ्लॉरेन्सच्या कला अकादमीच्या स्पर्धेत त्यांच्या उठावशिल्पाला पारितोषिक मिळाले, तेव्हा त्यांचा आत्मविश्वास दुणावला.

यानंतर त्यांनी बायबलमधील हाबेलची कथा शिल्पासाठी निवडली. आदमचा थोरला पुत्र काइन मत्सराने पेटून धाकट्या भावाचा, निरपराध हाबेलचा वध करतो, अशी ही कथा आहे. जमिनीवर कोसळलेल्या मृत हाबेलची पूर्णाकृती दुप्रे यांनी घडविली. १८४२ मध्ये ती फ्लॉरेन्सच्या अकादमीत प्रदर्शित झाली. शरीरातून ओसरलेले त्राण, सैल पडलेले अवयव आणि चेहऱ्यावरील निष्पाप भाव पाहून प्रेक्षक स्तब्ध झाले.

परंतु कीर्तीबरोबरच मत्सरही जागा झाला. लाकूड कोरणाऱ्या पंचवीस वर्षांच्या तरुणाला इतके अचूक शरीर घडविणे शक्यच नाही, असे काही शिल्पकार म्हणू लागले. जिवंत माणसाच्या अंगावर प्लास्टर थापून साचा काढला असावा आणि त्यातून ही मूर्ती ओतली असावी, असा आरोप झाला. शिल्पकाराच्या दृष्टीने हा आरोप अत्यंत गंभीर होता. कारण साच्यातून काढलेल्या मूर्तीत निरीक्षण आणि निर्मिती यांना स्थान उरत नाही. आरोप खरा ठरला असता, तर दुप्रे यांचे कलाजीवन आरंभीच संपले असते.

अखेर प्रत्यक्ष पडताळणी करण्यात आली. ज्या मनुष्यावरून हाबेल साकारला होता, त्याला बोलावून त्याच स्थितीत निजविण्यात आले आणि त्याच्या शरीराची मापे मूर्तीच्या मापांशी ताडून पाहण्यात आली. मापे जुळली नाहीत. मूर्ती कलावंताच्या दृष्टीतून आणि हातांतून उतरली होती, हे सिद्ध झाले. त्या काळचे ज्येष्ठ शिल्पकार लोरेन्झो बार्तोलिनी यांनीही या तरुणाची बाजू घेतली.

दुप्रे यांनी कटुता न बाळगता पुढचे काम हाती घेतले. त्यांनी काइनची मूर्ती घडविली. वधानंतर भयाने आणि पश्चात्तापाने ग्रासलेला, आवेगाने पावले टाकणारा काइन! अशा आवेशातील शरीराचा साचा जिवंत माणसावरून काढणे शक्य नव्हते. निंदकांना याहून समर्पक उत्तर ते कोणते असणार? रशियाच्या झारची कन्या मारिया निकोलायेव्हना हिने या दोन्ही मूर्ती संगमरवरात घेतल्या. आज त्या सेंट पीटर्सबर्गच्या हर्मिटाज संग्रहालयात आहेत, तर फ्लॉरेन्सच्या पित्ती राजवाड्यात त्यांच्या ब्राँझ प्रतिकृती पाहावयास मिळतात.

पुढील चार दशके त्यांची छिन्नी अखंड चालत राहिली. फ्लॉरेन्सच्या उफीझी वास्तूच्या प्रांगणातील चित्रकार जोत्तो यांचा पुतळा त्यांचाच आहे. सिएनाच्या स्मशानभूमीतील एका प्रार्थनागृहासाठी त्यांनी मृत येशू आणि शोकाकुल माता यांचे ‘पिएता’ हे शिल्प घडविले. त्यास १८६७ च्या पॅरिस आंतरराष्ट्रीय प्रदर्शनात सर्वोच्च सन्मानपदक लाभले. इटलीच्या एकीकरणाचे शिल्पकार काव्हूर यांचे तुरीन येथील भव्य स्मारक १८७३ मध्ये उभे राहिले. त्यावर टीकाही झाली. पण टीका पचविण्याचे बळ दुप्रे यांनी तारुण्यातच कमावले होते. १८७९ मध्ये त्यांनी आपल्या आठवणी आणि कलाविचार ग्रंथरूपाने प्रसिद्ध केले. शालेय शिक्षणाला पारखा झालेला हा कारागीर अशा प्रकारे लेखक म्हणूनही मान्यता पावला.

असीसीच्या संत फ्रान्सिस यांचा पुतळा ही त्यांची अखेरची कृती होय. सर्वस्वाचा त्याग करून पशुपक्ष्यांनाही बंधू मानणाऱ्या त्या विरक्त संताची नम्र मूर्ती त्यांनी साकारावयास घेतली. परंतु १० जानेवारी १८८२ रोजी फ्लॉरेन्स येथे त्यांचे निधन झाले. त्यांची कन्या व शिष्या अमालिया हिने हे कार्य पूर्णत्वास नेले. असीसीच्या सान रुफीनो या मुख्य चर्चमध्ये तो पुतळा आजही उभा आहे. पित्याच्या अपूर्ण कार्याला कन्येने दिलेली ही पूर्तता म्हणजे खरीखुरी श्रद्धांजलीच होय.

भावाच्या मत्सराला बळी पडलेल्या हाबेलपासून सर्व जीवांना भाऊ मानणाऱ्या फ्रान्सिसपर्यंत दुप्रे यांची कलायात्रा झाली. स्वतः मत्सराचे घाव सोसूनही त्यांनी मनात वैर ठेवले नाही. खोट्या आरोपाला वादाने नव्हे, तर अधिक चांगल्या कार्याने उत्तर द्यावे, हीच शिकवण त्यांचे जीवन देऊन जाते.