रिशार्द बोलेस्लाव्स्की

चित्रपटाचे नाव निघताच पुष्कळ वडीलधाऱ्या मंडळींच्या कपाळास आठी पडते. आणि पुष्कळ मुलांस वाटते की, देखणा चेहरा व खणखणीत आवाज असला म्हणजे मनुष्य नट झालाच. नटाचा दिग्दर्शक झालेल्या एका पोलिश गृहस्थाचे चरित्र पाहिले असता, या दोन्ही समजुती किती अपुऱ्या आहेत हे सहज ध्यानात येते.

रिशार्द बोलेस्लाव्स्की याचा जन्म ४ फेब्रुवारी १८८९ रोजी एका पोलिश कुटुंबात झाला. त्या काळी पोलंड हे राष्ट्र नकाशावर उरलेच नव्हते; रशिया, प्रशिया व ऑस्ट्रिया या तीन सत्तांनी ते आपसांत वाटून घेतले होते. तरुणपणी तो मॉस्को येथील आर्ट थिएटर या प्रसिद्ध नाट्यसंस्थेत दाखल झाला व तेथे स्तानिस्लाव्स्की या थोर नाट्याचार्याचा शिष्य बनला. नटाने वरवरचे हावभाव न करता पात्राच्या अंतःकरणात शिरावे, अशी या गुरूची शिकवण होती. १९०९ साली तुर्गेनेवच्या एका नाटकात बोलेस्लाव्स्कीने महत्त्वाची भूमिका केली. पुढे संस्थेने तरुणांसाठी एक छोटी प्रयोगशाळा काढली. तिचे पहिले नाटक १९१३ साली त्यानेच बसविले, आणि तेही वयाची पंचविशी गाठण्यापूर्वी! मालकाच्या लोभापायी मोडके गलबत समुद्रावर जाते व गरीब कोळी प्राणास मुकतात, असे त्या डच नाटकाचे कथानक होते.

इतक्यात १९१४ चे महायुद्ध पेटले. रंगभूमी सोडून त्याने पोलिश भालेकऱ्यांच्या घोडदळात नोकरी धरली. १९१७ मध्ये रशियात राज्यक्रांती झाली आणि त्याच्या पायाखालची भूमीच सरकली. अखेर रशिया सोडून तो नुकत्याच स्वतंत्र झालेल्या पोलंडात आला. १९२० साली वॉर्सा शहराच्या वेशीवर पोलंडने रशियन लाल सेनेस परत फिरविले. त्या प्रसंगावर त्याने १९२१ साली ‘व्हिस्टुलाकाठचा चमत्कार’ या अर्थाच्या नावाचा चित्रपट काढला. त्यानंतर ड्रायर या डॅनिश दिग्दर्शकाच्या, रशियातील यहुद्यांच्या छळावरील चित्रपटात त्याने भूमिका केली. १९२२ साली तो अमेरिकेत उतरला. भाषा परकी आणि देशही परका. गुरूपासून मिळालेली विद्या एवढेच काय ते त्याचे भांडवल!

पण ते भांडवल त्याने कुलपात ठेवले नाही. १९२३ साली न्यूयॉर्क येथे त्याने अमेरिकन लॅबोरेटरी थिएटर ही नाट्यशाळा स्थापन केली. त्याचीच जुनी सहकारी मारिया उस्पेन्स्काया हीही तेथे शिकवीत असे. ली स्ट्रासबर्ग, स्टेला ॲडलर व हॅरोल्ड क्लर्मन हे त्या शाळेचे विद्यार्थी पुढे स्वतःच नामांकित नाट्यगुरू झाले. १९३३ साली त्याचे अभिनयावरील सहा पाठांचे लहानसे पुस्तक प्रसिद्ध झाले. एकाग्रता, भावनांची स्मृती, नाट्यक्रिया, पात्राची घडण, निरीक्षण व लय हे ते सहा पाठ होत.

दरम्यान बोलपटांचे युग सुरू झाले व हॉलिवूडने त्यास बोलावून घेतले. १९३२ च्या ‘रास्पुतीन अँड द एम्प्रेस’ या बोलपटात बॅरीमोर घराण्यातील तिन्ही नामांकित भावंडे त्याच्या दिग्दर्शनाखाली एकत्र आली. १९३४ साली त्याने ग्रेटा गार्बो हिला घेऊन ‘द पेंटेड व्हेल’ हा बोलपट काढला. १९३५ साली त्याने व्हिक्टर ह्यूगोची ‘ले मिझेराब्ल’ ही कादंबरी पडद्यावर आणली. चोरलेली चांदी चोरालाच देऊन टाकणारा तो क्षमाशील बिशप आपल्यापैकी पुष्कळांच्या परिचयाचा आहे. १९३६ च्या ‘थ्री गॉडफादर्स’ मध्ये तर पळून चाललेल्या दरोडेखोरांस वाळवंटात एक अनाथ तान्हे मूल सापडते, आणि त्यांच्यातील शेवटचा उरलेला गडी स्वतःचा प्राण वेचून त्यास नाताळच्या दिवशी गावच्या मंदिरात पोचवितो.

असा ऐन उमेदीचा काळ चालू असतानाच मृत्यूने त्यास गाठले. एका बोलपटाचे काम अर्धवट असता १७ जानेवारी १९३७ रोजी तो कालवश झाला. त्याचे वय अवघे सत्तेचाळीस होते. ते चित्र इतरांनी पुरे केले.

विद्यार्थिमित्रहो, या मनुष्याच्या हातून दोनदा सारे निसटले. मॉस्कोची रंगभूमी मागे राहिली, स्वदेशही दुरावला. तथापि जी विद्या त्याने श्रमाने अंगी मुरविली होती, ती कोणत्याही सीमेवर कोणी काढून घेऊ शकले नाही. आणि ती त्याने मुक्तहस्ते वाटली म्हणूनच त्याच्यामागेही टिकली. त्याच्या सहा पाठांतील एकाग्रता व निरीक्षण हे दोन पाठ तर नटाइतकेच विद्यार्थ्यासही आवश्यक आहेत. ते गिरविण्यास रंगमंच लागत नाही; वर्गातील बाक पुरेसा आहे.