न्यायमूर्ती ग्रोव्ह आणि हायड्रोजनची गाडी

सेमिनारसाठी 'फ्युएल सेल' हा विषय दरवर्षी कोणी ना कोणी घेतोच. पहिल्या स्लाइडवर सर विल्यम ग्रोव्ह आणि १८३९ हे साल, दुसऱ्या स्लाइडवर २०१४ साली बाजारात आलेली टोयोटाची मिराई. मधल्या पावणेदोनशे वर्षांत काय झाले असे विचारले, की सादर करणारा सरांकडे बघतो आणि सर घड्याळाकडे. मित्रांनो, पहिल्या स्लाइडवरचा हा माणूस आपण समजतो त्यापेक्षा बराच वेगळा होता. हायड्रोजनची गाडी घ्यावी का, या आजच्या प्रश्नाचे निम्मे उत्तरही त्यांनीच देऊन ठेवले आहे.

विल्यम रॉबर्ट ग्रोव्ह यांचा जन्म ११ जुलै १८११ रोजी वेल्समधल्या स्वान्सी येथे झाला. वडील मॅजिस्ट्रेट, घरचे बरे. ऑक्सफर्डच्या ब्रेझनोज कॉलेजातून १८३२ साली पदवी घेतली आणि १८३५ साली ते बॅरिस्टर झाले. म्हणजे फ्युएल सेलचा जनक शिक्षणाने वकील! तब्येत साथ देईना, कोर्टाची धावपळ झेपेना, म्हणून गडी विज्ञानाकडे वळला.

इथे एक गोष्ट नीट समजून घ्या, कारण व्हायवाला नेमका इथेच घोटाळा होतो. ग्रोव्ह यांच्या नावावर दोन वेगवेगळे शोध आहेत. पहिला 'ग्रोव्ह सेल', साल १८३९. सौम्य सल्फ्युरिक आम्लात जस्त, तीव्र नायट्रिक आम्लात प्लॅटिनम, आणि दोन्हींच्या मध्ये सच्छिद्र मातीचे भांडे. एका सेलमधून जवळपास १.९ व्होल्ट मिळायचे, करंटही दणदणीत. त्या काळी एवढी जोरदार बॅटरी दुसरी नव्हती. त्याच वर्षी रशियात याकोबी यांनी नेवा नदीवर माणसे बसवून जी विजेची बोट चालवली, तिच्यात हेच सेल होते. पुढे अमेरिकेतल्या तारायंत्रांनीही हीच बॅटरी वापरली. दोष दोनच. प्लॅटिनम महाग, आणि नायट्रिक आम्लातून निघणारा तपकिरी विषारी वायू. बुन्सेन यांनी १८४१ मध्ये प्लॅटिनमच्या जागी कार्बन घालून पहिला दोष काढला, दुसरा तसाच राहिला.

दुसरा शोध म्हणजे वायूंची बॅटरी, आपला फ्युएल सेल. वीज सोडली की पाण्याचे हायड्रोजन आणि ऑक्सिजन होतात, हे १८०० सालापासून माहीत होते. ग्रोव्ह यांनी उलटा विचार केला. हे दोन वायू पुन्हा एकत्र येऊन पाणी होत असतील, तर जाता जाता वीज परत देतील की नाही? १८३९ च्या सुरुवातीला त्यांनी आम्लात बुडवलेल्या प्लॅटिनमच्या पट्ट्यांवर दोन वायू ठेवून गॅल्व्हानोमीटरचा काटा हललेला दाखवला. त्याच सुमारास शोनबाइन या जर्मन-स्विस शास्त्रज्ञानेही हाच परिणाम नोंदवला होता. पुढे दोघांची मैत्री झाली. श्रेयावरून भांडण नाही, हे विज्ञानाच्या इतिहासात तसे विरळाच.

१८४२ मध्ये ग्रोव्ह यांनी असे ५० सेल ओळीने जोडले. पाच माणसांनी हातात हात धरले तरी शॉक जाणवला, एकट्याने घेतला तर चांगलाच लागला. कोळशाच्या दोन टोकांमध्ये भर दिवसा ठिणगी दिसली. त्याच विजेने त्यांनी पाणीसुद्धा फोडून दाखवले. म्हणजे पाणी बनवून मिळालेल्या विजेने पुन्हा पाणी फोडले! पण मला जास्त महत्त्वाचे वाटते ते त्यांचे निरीक्षण. क्रिया सगळ्या पट्टीवर होत नाही. वायू, द्रव आणि प्लॅटिनम हे तिघे जिथे एकत्र भेटतात, तेवढ्या बारीकशा रेषेवरच होते. म्हणून त्यांनी पट्ट्यांवर प्लॅटिनमचाच खरखरीत थर चढवला, की भेटण्याची जागा वाढावी. मिराईच्या २०२० च्या मॉडेलमध्ये ३३० सेल आहेत आणि १२८ किलोवॅट शक्ती आहे. तिथेही इंजिनीअरांची लढाई याच रेषेशी चालते, आणि धातू अजून प्लॅटिनमच आहे.

मग ग्रोव्ह यांनी हे पुढे का नेले नाही? १८४१ ते १८४६ ते लंडन इन्स्टिट्यूशनमध्ये प्रायोगिक भौतिकीचे प्राध्यापक होते. खाणकामगारांसाठी विजेचा दिवा सुचवला. तापून पांढऱ्या झालेल्या प्लॅटिनमने पाण्याचे विघटन होते हे दाखवले, त्यासाठी १८४७ चे रॉयल मेडल मिळाले. पण संसार वाढला आणि प्राध्यापकीत भागेना. ते पुन्हा कोर्टात गेले. प्लेसमेंटच्या मोसमात जो प्रश्न आपल्या कॉरिडॉरमध्ये रात्री दोनपर्यंत चघळला जातो, तो त्यांनी असा सोडवला. मला याचे वाईट वाटते, पण त्यांना दोष द्यावासा वाटत नाही. १८५६ साली गाजलेल्या विल्यम पामर विषप्रयोग खटल्यात ते आरोपीच्या बचावाच्या वकिलांत होते (पामर फाशी गेला). १८७१ मध्ये न्यायाधीश झाले, १८७२ मध्ये 'सर' झाले, १८८७ मध्ये निवृत्त झाले.

कोर्टात परतण्याआधी १८४६ मध्ये त्यांनी एक पुस्तक लिहिले, भौतिक शक्तींच्या परस्परसंबंधावर. उष्णता, प्रकाश, वीज, चुंबकत्व, रासायनिक आकर्षण ही एकमेकांत बदलतात. फुकट काहीच मिळत नाही, एक खर्च झाल्याशिवाय दुसरी येत नाही. ऊर्जेच्या अक्षय्यतेचा नियम अजून पक्का व्हायचा होता तेव्हाची ही गोष्ट आहे.

आता हे पुस्तक घेऊन जरा बाळापूरला या. गाडी मिळाली असे समजा. मिराईच्या टाक्यांत ७०० बार दाबाने ५.६ किलो हायड्रोजन मावतो आणि कंपनीने भारतात सांगितलेला पल्ला ६५० किलोमीटरचा. बाळापूरहून नागपूरला जाऊन परत यायला पुरते, टाकी भरायला पाच मिनिटे, नळीतून धूर नाही, फक्त पाणी. हे सगळे खरे आहे. पण हायड्रोजन जमिनीतून पेट्रोलसारखा काढून आणलेला नाही, तो कशापासून तरी बनवावा लागतो. विजेने पाणी फोडून एक किलो बनवायला साधारण ५० ते ५५ युनिट लागतात, म्हणजे एका टाकीला ३०० च्या आसपास. तेवढीच वीज थेट बॅटरीच्या गाडीत भरली तर ती १८०० किलोमीटर सहज जाईल. आणि तालुक्यातली वीज म्हणजे पारस, तिथले २५०-२५० मेगावॅटचे दोन संच कोळशावर. कोळशाची वीज, विजेचा हायड्रोजन, हायड्रोजनची पुन्हा वीज! ग्रोव्हसाहेबांनी हा हिशेब पाहून चष्मा काढून ठेवला असता. पाण्याचे म्हणाल तर एका किलोला निदान ९ लिटर, तेही एकदम शुद्ध. आपला हा सगळा खारपाणपट्टा. पण खारे पाणी शुद्ध करायला लागणारी वीज ते फोडायला लागणाऱ्या विजेपुढे किरकोळच, तेव्हा पाण्याच्या नावाने उगाच ओरड नको. खरी मेख विजेची आहे. दुपारच्या उन्हाची जास्तीची वीज असेल, तर गणित बदलते.

गाडी घेणाऱ्यांचे अनुभवही पाहा. कॅलिफोर्नियात मिराईसोबत कंपनी १५,००० डॉलरचे इंधन देत असे. २०२३ मध्ये तिथल्या काही पंपांवर भाव किलोला ३६ डॉलर झाला, म्हणजे टाकी दोनशे डॉलरची. फेब्रुवारी २०२४ मध्ये शेलने तिथले आपले मोटारींचे हायड्रोजन पंप बंद केले. दारात उत्तम गाडी आणि भरायला पंप नाही, ही मालकांची अवस्था. जुन्या गाडीला मग गिऱ्हाईक कुठले?

आपल्याकडे नागपूरचे नितीन गडकरी मार्च २०२२ मध्ये मिराईतून संसदेत गेले, पण ती गाडी चाचणीची होती. त्याआधी ऑक्टोबर २०२० मध्ये पुण्यात केपीआयटी आणि सीएसआयआर यांनी देशी फ्युएल सेल बसवलेली मोटार चालवून दाखवली, ऑगस्ट २०२२ मध्ये बसही आणली. माझ्या मते बसचा मार्ग बरोबर आहे. बस रोज एकाच डेपोत परत येते, एक पंप पुरतो. लांब पल्ल्याच्या ट्रकचेही तेच. अकोला-खामगाव रस्त्यावर बाळापूरवरून रात्रभर जाणारे ट्रक मोजा, म्हणजे कळेल.

ग्रोव्ह यांच्या हयातीतच, १८८९ मध्ये, मोंड आणि लांगर यांनी त्यांच्या बॅटरीतून कामाची वीज काढायचा प्रयत्न केला, तो प्लॅटिनमच्या किमतीवर अडला. इंग्लंडचे फ्रान्सिस बेकन यांनी निकेल वापरून १९५९ मध्ये ५ किलोवॅटचा संच चालवला, आणि त्याच घराण्याचे सेल अपोलो यानांतून चंद्रापर्यंत गेले. रस्त्यावर मात्र १९६६ साली जनरल मोटर्सच्या एका व्हॅनमध्येच फ्युएल सेल दिसला, आणि त्या व्हॅनमध्ये सगळी जागा टाक्या-नळ्यांनीच खाल्ली होती.

ग्रोव्ह लंडनमध्ये १ ऑगस्ट १८९६ रोजी वारले. त्यानंतर दोनच आठवड्यांनी ब्रिटिश संसदेचा नवा मोटार कायदा मंजूर झाला आणि हलक्या मोटारींपुढे माणूस चालवण्याची सक्ती गेली.