ज्याँ कालास

ज्याँ कालास हे फ्रान्स देशांतील तुलूज शहरचे प्रॉटेस्टंट व्यापारी. त्यांचा जन्म १६९८ सालीं झाला. खालीं कापडाचें दुकान व वर बिऱ्हाड, असा त्यांचा साधा संसार होता. त्या काळीं तेथें प्रॉटेस्टंटांस उघड उपासना करण्याची मोकळीक नव्हती. त्यांचा वडील मुलगा मार्क-आंत्वान कायदा शिकला होता; परंतु कॅथलिक असल्याचा दाखला नसल्यामुळें त्यास वकिली करितां येईना, आणि तो सदा खिन्न असे.

ता. १३ आक्टोबर १७६१ च्या रात्रीं तो जेवून खालीं गेला, तो परत आला नाहीं. दुकानांत त्याचें प्रेत सांपडलें. आत्महत्या करणाराच्या प्रेताची त्या देशीं रस्त्यांतून फरफट काढीत. ही विटंबना टळावी म्हणून घरच्यांनीं आधीं खून झाल्याचें सांगितलें, आणि मागाहून गळफासाची गोष्ट कबूल केली. हें असत्य त्यांस फार भोंवलें. मुलगा कॅथलिक होणार होता म्हणून बापानेंच त्यास मारिलें, अशी हूल दाराशीं जमलेल्या गर्दींत उठली व शहरभर पसरली. वास्तविक दुसरा मुलगा लुई पूर्वींच कॅथलिक झाला होता, आणि बाप त्यास खर्चास देत असे. घरची वृद्ध मोलकरीणही कॅथलिकच होती.

खून कोणींच पाहिला नव्हता. साक्षी झाल्या त्या ऐकीव. तरी तेरा न्यायाधीशांपैकीं आठांनीं मृत्यूचा कौल दिला. ता. १० मार्च १७६२ रोजीं त्या वृद्धाचे अतोनात हाल करून, चाकावर हाडें मोडून, त्यास मारण्यांत आलें. आपण निर्दोष आहों, हें त्यानें शेवटपर्यंत सोडलें नाहीं.

पुढें प्रसिद्ध ग्रंथकार वॉल्तेर यांनीं हें प्रकरण हातीं घेतलें, आणि १७६३ सालीं धर्मसहिष्णुतेवर ग्रंथ लिहिला. कालासबाईंनीं राजदरबारीं दाद मागितली. ता. ९ मार्च १७६५ रोजीं कालास निर्दोष ठरले. राजानें कुटुंबास ३६,००० लिव्र दिले. पण पति व पिता कोण परत देणार?

प्रिय वाचकहो, न्यायाधीश हेही मनुष्येंच. बंदीस चुकीनें डांबलें तर त्याची बेडी काढतां येते; मृतास उठविणें मनुष्याच्या हातीं नाहीं. म्हणूनच मृत्युदंड भयंकर होय. फ्रान्सनें तो १९८१ सालीं रद्द केला. दोघां-तिघां साक्षीदारांवांचून कोणास दोषी ठरवूं नये, हा मोशेच्या नियमशास्त्राचा दंडक आहे; आणि आपल्या प्रभूसही खोट्या साक्षीनें व जमावाच्या आरोळीनेंच वधस्तंभीं नेलें. तर गांवांत कोणावर बोट दाखविलें जाईल तेव्हां आपण त्या आरोळींत आपला आवाज मिसळूं नये.